बाबांच्या निवृत्तीसाठी मनाच्या श्लोकांच्या चालीवर श्लोक, वृत्त जमत नाहीये

घाटावरची_लेक:
बाबा महिनाअखेरीस एसटीतून निवृत्त होतायत. कंडक्टर. बरीच वर्षं चिपळूण–कराड, कुंभार्ली घाटातून. मनाचे श्लोक आम्हाला त्यांनीच शिकवले, म्हणून निरोप समारंभात त्याच चालीवर त्यांच्यावर एक श्लोक म्हणायचाय. गमतीचा, पण त्यांचा मान राखणारा. पहिली ओळ सुचली ती अशी:

पहाटे आगारातून निघायची गाडी

चालीवर म्हणायला गेलं की अडखळते. काय करू?

वृत्तवेडा:
हे भुजंगप्रयात वृत्त. ओळीत 12 अक्षरं, लघु-गुरु-गुरु असं चार वेळा. लघु म्हणजे आखूड अक्षर; गुरु म्हणजे लांब, किंवा पुढच्या जोडाक्षराचा आघात ज्यावर येतो ते. म ना सज् । ज ना भक् । ति पं थे । चि जा वे. टाळी देत म्हणून बघा. तुमच्या 'आगारातून'मध्ये आ-गा-रा-तू असे चार गुरू लागोपाठ येतात आणि या वृत्तात दोनाच्या वर गुरू एकत्र येतच नाहीत. तो शब्द कुठेही सरकवा, बसणार नाही. त्याऐवजी 'पहाटे निघे फाटकातून गाडी' म्हणा. यमक दोन-दोन ओळींचं.

आणि कृपा करून 'कर्तव्यदक्ष', 'मनमिळाऊ' नको. बाबा गाडीत दिवसभर जे बोलतात तेच घाला.

घाटावरची_लेक:
हे जमलंय का बघा:

पहाटे निघे फाटकातून गाडी
दिसे घाट, मागे पळे गर्द झाडी
सुटे काढुनी नीट हाती असू द्या
जरा आत व्हा, बायकांना बसू द्या

'व्हा' जोडाक्षर आहे, मग आधीचा 'त' गुरू होतो का? आणि 'डबल बेल' कुठे तरी आणायचीच आहे, त्याशिवाय बाबा कसले!

जोशीबाई:
बाळ, वृत्त चोख आहे. 'व्हा' म्हणताना मागच्या अक्षरावर आघात येत नाही, म्हणून 'त' लघूच. 'तुझ्या'तला 'तु' लघू राहतो तसा. 'गर्द'मध्ये आघात येतो, तिथे 'ग' गुरू. शेवटच्या दोन ओळी तर मला थेट गाडीत घेऊन गेल्या, त्यांना हात लावू नकोस.

'डबल'मध्ये लघू एकापुढे एक येतात, तेही इथे चालत नाही. दुसरा श्लोक लिहिलास तर 'पुढे दोन घंट्या, पुन्हा एक घंटा' अशी सुरुवात धर. नाहीतर सोपं सांगते, श्लोक संपला की 'जय जय रघुवीर समर्थ' म्हणतोच आपण. ते झालं की डेपोतल्या सगळ्यांना एकदम 'डबल बेल!' ओरडू दे.