'नोमॉनिक' या विशेषणासाठी मराठीने आपला शंकू परत घ्यावा का?

चर्चेचा प्रस्ताव : फोंड्याहून, एक भाषांतरकार

सूर्यघड्याळांविषयीच्या एका इंग्रजी लेखाचे मराठी भाषांतर करताना 'नोमॉनिक' या विशेषणापाशी माझे काम गेले पंधरा दिवस अडून पडले आहे. लिहिताना या शब्दाच्या आरंभी 'ग'चे अक्षर असते, पण उच्चारात ते गळते. सूर्यघड्याळाच्या तबकडीवर जी काटी किंवा जे तिरके पाते सावली पाडते त्याला इंग्रजीत 'नोमॉन' म्हणतात, आणि त्याच्याशी ज्याचा संबंध ते 'नोमॉनिक', एवढा त्याचा पहिला अर्थ आहे. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ 'जाणणारा' किंवा 'दाखवून देणारा' असा होतो. सूर्यघड्याळ रचण्याच्या विद्येलाही युरोपात याच शब्दावरून नाव पडले, आणि ग्रेगरीय पंचांगसुधारणेत ज्याचा मोठा वाटा होता त्या क्लाव्हियस या जेझुइट गणितज्ञाने त्या विद्येवर आठ खंडांचा ग्रंथ १५८१ साली रोममध्ये छापला.

विशेषणाचा दुसरा अर्थ नकाशाशास्त्रातला आहे. पृथ्वीगोलाच्या केंद्रात दिवा ठेवला आणि गोलाला एका बिंदूत स्पर्श करणाऱ्या सपाट कागदावर त्याच्या उजेडाने भूमीची सावली पाडली, तर जो नकाशा तयार होईल तो नोमॉनिक प्रक्षेपणाचा नकाशा. पहिल्या आणि दुसऱ्या अर्थाचा काय संबंध, असे मलाही वाटले होते. कागद घेऊन बसल्यावर उलगडा झाला. उभ्या काटीची सावली किती लांब पडेल हे काढायचे, तर काटीच्या उंचीला सूर्य डोक्यावरच्या बिंदूपासून जितक्या अंशांनी ढळला असेल त्या कोनाच्या स्पर्शकाने, म्हणजे 'टॅन'ने, गुणायचे असते. नोमॉनिक नकाशावर एखादे गाव मध्यबिंदूपासून किती दूर पडेल हे काढायचे, तर गोलाच्या त्रिज्येला तशाच कोनाच्या स्पर्शकाने गुणायचे. काटीचे टोक ते गोलाचे केंद्र आणि तबकडी तो कागद, एवढीच अदलाबदल आहे. म्हणजे या विशेषणाचे दोन अर्थ वस्तुतः एकच आहेत.

माझे म्हणणे असे की, या काटीला आपल्याकडे फार जुने आणि नेमके नाव आहे, ते म्हणजे शंकू. सूर्यसिद्धान्तात बारा अंगुळांचा शंकू सपाट भूमीवर उभारून दिशा, स्थळ आणि काळ काढण्याचा विधी आहे, आणि कात्यायनाच्या शुल्बसूत्रात शंकूच्या सावलीवरून पूर्व-पश्चिम रेषा आखून दिली आहे. मात्र आधुनिक पाठ्यपुस्तकांनी हाच शब्द आइसक्रीमच्या कोनासारख्या आकृतीला देऊन टाकला. भास्कराचार्यांनी लीलावतीत त्या आकृतीसाठी 'सूची' हा शब्द वापरला होता, त्यामुळे शंकू घेण्याची निकडही नव्हती. तेव्हा 'नोमॉनिक'साठी 'शंकुच्छायिक' हे विशेषण आणि त्या नकाशासाठी 'शंकुच्छाया प्रक्षेपण' ही संज्ञा रूढ करावी, असा माझा प्रस्ताव आहे.

वास्कोहून, एक निवृत्त जहाज-अधिकारी

आपल्या प्रस्तावाला माझा स्पष्ट विरोध आहे, आणि तो भाषेच्या प्रेमापोटी नसून होकायंत्रापोटी आहे. मराठी भूगोलात शंकूच्या आकाराचा कागद गोलावर टोपीसारखा बसवून केलेल्या प्रक्षेपणाला आधीच 'शंकू प्रक्षेपण' म्हणतात. ते संपूर्ण वेगळे साधन आहे. त्याच्या शेजारी आपण 'शंकुच्छाया प्रक्षेपण' ठेवलेत, तर परीक्षेला बसणारा तारवटी पोरगा दोहोंची गल्लत करणार यात मला शंका नाही.

नोमॉनिक तक्त्याचे, म्हणजे सागरी नकाशाचे, वैशिष्ट्य असे की, त्यावर काढलेली प्रत्येक सरळ रेषा हे पृथ्वीवरचे बृहद्वृत्त असते, म्हणजे दोन बंदरांमधला सर्वांत जवळचा मार्ग. मर्केटरच्या, म्हणजे जहाजांवर नेहमी वापरल्या जाणाऱ्या, तक्त्यावर सरळ रेषा म्हणजे एकच दिशा धरून जाण्याचा मार्ग; तो सोपा असतो, पण लांबचा. म्हणून आम्ही आधी नोमॉनिकवर पट्टीने रेघ ओढायचो, तिच्यावरचे थोडे थोडे अंतर सोडून बिंदू घ्यायचो, ते मर्केटरवर उतरवायचो आणि त्या तुकड्यांनी जहाज हाकायचो. योकोहामा ते सॅन फ्रान्सिस्को या वाटेवर एवढ्या खटाटोपाने दोनशेहून अधिक सागरी मैल वाचतात. (मुरगावहून लोहखनिज घेऊन मलाक्काच्या सामुद्रधुनीतून जपानला जाताना मात्र त्याचा उपयोग जवळजवळ शून्य, कारण तिथे वाट ठरवते ती जमीन.) हा तक्ता मध्यबिंदूपासून दूर गेले की भयंकर ताणला जातो; ६० अंशांवर त्रिज्येच्या दिशेने चौपट आणि आडव्या दिशेने दुप्पट, आणि ९० अंशांवरचे ठिकाण तर अनंतावर जाऊन पडते. इतक्या अटी ज्या शब्दाला चिकटलेल्या आहेत, तो जगभरच्या तक्त्यांवर छापला आहे तसाच शिकवावा. नोमॉनिक हा शब्द राहू द्यावा.

म्हार्दोळहून, पंचांगाचे गणित करणारे एक भटजी

कॅप्टनबाब, आपला अनुभव मोठा आहे, परंतु 'शंकू प्रक्षेपण' हे नाव आधी आले म्हणून ते बरोबर ठरत नाही. आधी तर आमचा शंकू आला होता. विषुवदिनी मध्यान्ही बारा अंगुळांच्या शंकूची जी सावली पडते तिला पलभा म्हणतात. पणजीची पलभा सुमारे ३ अंगुळे २० व्यंगुळे (व्यंगुळ म्हणजे अंगुळाचा साठावा भाग) भरते, पुण्याची ४ अंगुळे आणि जयपूरची ६ अंगुळांहून किंचित अधिक. आपण ज्याला अक्षांश म्हणता तोच आम्ही सावलीच्या लांबीत सांगतो, आणि धागाकर्त्यांनी जो 'टॅन' सांगितला तो या आकड्यांत पूर्वापार बसलेला आहे.

कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी शके १४४२ च्या ग्रहलाघवात पलभेला १०, ८ आणि १० भागिले ३ यांनी गुणून चरखंडे, म्हणजे सूर्योदयाच्या वेळेतल्या फरकाचे तीन तुकडे, काढायला सांगितली आहेत. पणजीची पलभा घेऊन गुणाकार केला आणि तिन्ही उत्तरे मिळवली, तर सुमारे ७१ पळे, म्हणजे २८ मिनिटे येतात. वर्षातल्या सर्वांत मोठ्या दिवशी सूर्य स्थानिक कालमानाने सहाच्या तेवढा आधी उगवतो. एका काटीच्या सावलीवरून दिनमान काढून देणारी ही विद्या ज्या भाषेच्या पंचांगांत आजही चालते, त्या भाषेने 'नोमॉनिक' या शब्दापुढे हात जोडून उभे राहावे हे मला पटत नाही.

आणखी एक निरीक्षण सांगतो. मंगेशीच्या देवळासमोरचा दीपस्तंभ हादेखील एक शंकूच आहे. मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्याच्या सुमारास गोव्यात मध्यान्हीचा सूर्य नेमका डोक्यावर येतो, तेव्हा त्याची सावली पायथ्यातच जिरते. मधल्या काळात मध्यान्हीची सावली उत्तरेऐवजी दक्षिणेला पडते. बहुतेकांनी हे पाहिलेले नसते, कारण त्यातला बराचसा काळ पावसाचा.

मडगावहून, महाविद्यालयात इंग्रजी शिकवणाऱ्या एक प्राध्यापिका

दोन्ही पक्ष एक गोष्ट गृहीत धरून चालले आहेत, ती म्हणजे इंग्रजी विशेषणाला मराठीतही विशेषणच हवे. मला हे गृहीतकच अमान्य आहे. इंग्रजीला नामापासून विशेषण घडवण्यासाठी ग्रीक-लॅटिनचे प्रत्यय शोधावे लागतात. मराठीचे काम षष्ठीने किंवा समासाने भागते. 'शंकूचा कोन', 'शंकूची सावली', 'सूर्यघड्याळाचे गणित' असे लिहिले की वाक्य चालते, आणि 'शंकुच्छायिक' उच्चारताना वाचकाच्या जिभेला जी ठेच लागते ती लागत नाही. मूळ लेखात हे विशेषण दहा वेळा आले असेल, तर भाषांतरात ते दहाही ठिकाणी वेगळ्या रीतीने विरघळू शकते.

इंग्रजीतही हा शब्द दुर्मीळच आहे. माझे विद्यार्थी तर तो 'नोमिक' या दुसऱ्या विशेषणाशी हमखास गोंधळतात, ज्याचा अर्थ सूत्ररूप, त्रोटक आणि काहीसे गूढ असा होतो. दोहोंचे मूळ 'जाणणे' या एकाच ग्रीक धातूत आहे, पण एकाचा संबंध सावलीशी आणि दुसऱ्याचा सुभाषिताशी. सूर्यघड्याळासाठी त्याहूनही विस्मृतीत गेलेले एक विशेषण इंग्रजीत आहे, 'सायाथेरिक'. ते ज्या ग्रीक शब्दावरून आले त्याचा अक्षरशः अर्थ 'सावलीची शिकार करणारे' असा आहे. भाषांतर करायला मला तो शब्द मिळाला असता तर मी आनंदाने 'सावलीपकडे यंत्र' लिहिले असते. 'नोमॉनिक'मध्ये असे चित्र उरलेले नाही.

डिचोलीहून, एक माध्यमिक शिक्षक

धागाकर्त्यांनी तिसऱ्या अर्थाला स्पर्शच केला नाही, याचे मला आश्चर्य वाटते. भूमितीत एका समांतरभुज चौकोनाच्या कोपऱ्यातून तसाच लहान चौकोन कापून घेतला की जो कोनात वाकलेला पट्टा उरतो त्यालाही युक्लिडने 'नोमॉन' म्हटले आहे, कारण ग्रीकांत सुताराच्या काटकोनी हत्याराचेही तेच नाव होते. आपल्याकडे त्या हत्याराला गुण्या म्हणतात. मी वर्गात एक गोटी ठेवतो, तिच्याभोवती तीन गोट्यांचा गुण्या लावतो, मग पाचांचा, मग सातांचा. प्रत्येक वेळी पूर्ण चौरस तयार होतो आणि शेवटी १६ गोट्या भरतात. विषम संख्यांची बेरीज वर्गसंख्या का येते हे मुलांना असे डोळ्यांनी दिसते. या अर्थाला 'शंकुच्छायिक' लावून पाहा. इथे सावली कुठे आहे? ज्या प्रस्तावात शब्दाचा एक तृतीयांश अर्थ मावत नाही, तो मी मान्य करू शकत नाही. कुणी 'ऱ्हस्व शंकु काटीचा आणि दीर्घ शंकू आकृतीचा' असा तोडगा सुचवण्याआधी हेही सांगतो की, १९६२ च्या लेखननियमांनुसार तो शब्द सुटा लिहिताना दीर्घ आणि समासात ऱ्हस्व असतो, त्यामुळे ती वाट बंद आहे.

फोंड्याहून, धागाकर्ता

गुण्याचा मुद्दा मी निमूटपणे स्वीकारतो. त्या अर्थासाठी 'गुण्याकार पट्टा' यापेक्षा सुंदर शब्द मला सुचला नसता. प्राध्यापिकाबाईंचेही निम्मे म्हणणे मान्य आहे. पण निम्मेच, आणि का ते एका घरगुती उदाहरणाने सांगतो.

माझ्या आतेभावाने पर्वरीच्या घरातील बागेत शोभेचे पितळी सूर्यघड्याळ बसवले. ते युरोपातल्या अक्षांशांसाठी घडवलेले होते, हे विकणाऱ्याने सांगितले नाही आणि त्यानेही विचारले नाही. तबकडीवरच्या पात्याचा कोन त्या स्थळाच्या अक्षांशाइतका असावा लागतो. गोव्यात तो साडेपंधरा अंश, लंडनला साडेएक्कावन्न. तासांच्या रेघाही त्याप्रमाणेच बदलतात. लंडनच्या तबकडीवर मध्यान्हीची रेघ आणि एकची रेघ यांत सुमारे बारा अंश असतात, तर आपल्याकडे जेमतेम चार. शिवाय प्रमाणवेळ ८२.५ रेखांशाची असल्यामुळे पणजीतले सूर्यघड्याळ, कितीही अचूक असले तरी, मनगटी घड्याळाच्या सरासरी ३५ मिनिटे मागे असते. त्या घड्याळाबरोबरच्या चिठ्ठीत हे सगळे 'नोमॉनिक दुरुस्ती' या दोन शब्दांत उरकले होते आणि आतेभावाला त्यातून काहीही कळले नाही. तिथे 'शंकूच्या कोनाची दुरुस्ती' असे लिहिलेले असते, तर निदान कुठे हात घालायचा ते तरी समजले असते. म्हणजे षष्ठी चालते. पण तिच्या आधी शंकू हवाच.

वास्कोहून, निवृत्त जहाज-अधिकारी

बागेतल्या तबकडीसाठी आपण शंकू खुशाल घ्या, माझी ना नाही. भटजींची पलभाही मी काल गणकयंत्रावर पडताळून पाहिली आणि ती बरोबर निघाली, हे इथे नोंदवतो. नकाशासाठी मात्र माझा विरोध कायम आहे. फार तर 'केंद्रीय प्रक्षेपण' म्हणा. निदान दिवा कुठे ठेवला आहे ते त्या नावातून कळते.

म्हार्दोळहून, भटजी

'केंद्रीय' म्हटल्यावर वाचकाला दिल्लीतले सरकार आठवेल, केंद्रातला दिवा नाही.

फोंड्याहून, धागाकर्ता

माझ्या भाषांतरात घड्याळाच्या भागात सर्वत्र 'शंकू' राहील. नकाशाचा उल्लेख मूळ लेखात तीनदाच आहे; पहिल्या ठिकाणी कॅप्टनबाबांचा 'नोमॉनिक' ठेवून, गोलाच्या केंद्रातून पाडलेली सावली अशी ओळ पुढे जोडतो. उरलेल्या दोन ठिकाणी 'शंकुच्छाया' लिहिणार आहे.

डिचोलीहून, माध्यमिक शिक्षक

त्या दोन ठिकाणी माझे विद्यार्थी टोपीचेच चित्र काढतील.