गावच्या घरावर डॉक्युमेंटरी करायचीय, शूटिंग कधी करू?

कातळावरचा: नमस्कार मंडळी. गाव राजापूर तालुक्यात. आजी, काका-काकी तिकडे आणि आम्ही बाकी सगळे मुंबईकडे, नालासोपारा नि दिव्याला. भांडण वगैरे काही नाही तरी घर दोन ठिकाणी वाटलं गेलंय, त्यावरच अर्ध्या तासाची डॉक्युमेंटरी करायचीय, साधी, रोजच्या जगण्याची. गणपतीत सगळे जमतात तेव्हाच करावं म्हणतोय. चालेल ना?

रापण: गणपतीत नको रे भावा. आरत्या, भजनं, भरलेलं घर सगळ्यांनीच बघितलंय. विसर्जनानंतर चाकरमानी गेले की जे घर उरतं ते दाखव, आणि भातलावणीच्या दिवसांत तर जाच.

माजघर: रापण यांना अनुमोदन. माझे आजोबा परळला गिरणीत होते, 1982 च्या संपापर्यंत घर मनीऑर्डरवर चालायचं आणि शेत, गुरं, म्हातारी माणसं सगळं आजीच्या अंगावर. आमच्याकडच्या बहुतेक घरांची हीच गोष्ट. 2011 च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात हजार पुरुषांमागे 1122 बायका होत्या, आणि आधीच्या दहा वर्षांत जिल्ह्याची लोकसंख्या चक्क घटली होती! पण नुसते आकडे टाकू नका, काकींचा पहाटेपासूनचा दिवस दाखवा, बचत गटाची मीटिंग, माकडांमुळे सोडून दिलेला परसातला भाजीपाला, रात्री नातवंडांचा व्हिडिओ कॉल. जवळपास आंब्याच्या बागेत राखणीला नेपाळी कुटुंब असेल तर त्यांनाही विचारा, तीपण घरापासून लांब आलेली माणसं आहेत आणि आता गावातलं रोजचं जगणं त्यांच्याशिवाय पुरं होत नाही. आणि कॅमेरा दिव्याच्या खोलीतही न्या, नाहीतर अर्धंच घर दिसेल.

रापण: अजून एक, सातबाऱ्यावर कोणाकोणाची नावं आहेत हा विषय कॅमेऱ्यावर काढू नको, सामायिक घरात उगाच कटकट होते. आणि माईक चांगला घे, पत्र्यावर पाऊस लागला की बोलणं काही ऐकू येत नाही.

कातळावरचा: खूप आभार दोघांचे, दिव्याचं डोक्यातच नव्हतं. पण काकी कॅमेरा बघितला की गप्पच होते, काय करू?

माजघर: समोर बसवून प्रश्न विचारू नका. तांदूळ निवडताना, काजू फोडताना तुम्हीपण हात लावा, आपोआप बोलतील. आणि एडिट झालं की आधी त्यांना दाखवा, त्या नको म्हणतील ते काढून टाका.