माओरी विणकाम आणि वायकाटोचा इतिहास: कुठली पुस्तकं वाचू?

रानवारा:
नमस्कार मंडळी, न्यूझीलंडच्या वायकाटो भागातल्या हॅमिल्टनला येऊन दीड वर्ष झालं, दोन महिन्यांपूर्वी रारांगाच्या म्हणजे इथल्या मूळच्या माओरी लोकांच्या पात्यांच्या विणकामाच्या क्लासला जायला लागले आणि तेव्हापासून डोक्यात दुसरं काही नाहीच. पहिली केते (पिशवी) पूर्ण झाली तेव्हा शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या की पहिली वस्तू स्वतःकडे ठेवायची नसते, कुणाला तरी देऊन टाकायची, जिवावर आलं पण दिली. आता वाटतंय नुसते हात चालवून भागणार नाही, पान कापायचे एवढे नियम का, या जमिनीवर आधी काय घडलंय, हे सगळं वाचायचंय. मराठीत काही सापडलं नाही, इंग्रजी चालेल. आणि मी शिकतेय ते मराठीत लिहून ठेवते, त्यात ज्याची पानं विणतो त्या फ्लॅक्सला जवस लिहिलं तर चालेल ना?

धागादोरा:
जवस अजिबात लिहू नका! युरोपियन लोकांना इथला धागा त्यांच्या फ्लॅक्ससारखा वाटला म्हणून ते नाव चिकटलं, झाडाचा जवसाशी काही संबंध नाही. सरळ हाराकेके लिहा. दिसायला घायपाताच्या जवळचं, लांब तलवारीसारखी पानं, आणि शिंपल्याच्या कडेनं पान खरवडून जो 'मुका' म्हणजे धागा काढतात त्याला आपला वाख हा शब्द छान बसतो.
कापायच्या नियमांचं म्हणाल तर मधलं कोवळं पान म्हणजे रितो, ते बाळ, त्याच्या दोन्ही बाजूंची पानं आईबाप, या तिघांना हात लावायचा नाही, कापायची ती बाहेरची आजीआजोबा पानं, आणि तिरकी, म्हणजे पाणी गाभ्यात न जाता बाहेर ओघळतं आणि झाड कुजत नाही. माझं मत, सुरुवात विणणाऱ्या बायकांनीच लिहिलेल्या पुस्तकांपासून करा. एरेनोरा पुकेतापु-हेतेत यांचं 'माओरी वीव्हिंग' (1989) आधी, मग डिगरेस ते कानावा यांचं 'वीव्हिंग अ काकाहू' (1992). काकाहू म्हणजे अंगावर घ्यायचं वस्त्र, ते माग न वापरता बोटांनीच विणतात. डिगरेस या नामवंत विणकर रांगिमारिए हेतेत यांच्या कन्या, आणि या मायलेकींनी ही कला आपल्या जमातीबाहेरच्या बायकांनाही शिकवली, नाहीतर बरंच काही त्यांच्याबरोबरच गेलं असतं.

जुनी_वाट:
इतिहासासाठी व्हिन्सेंट ओमॅली यांचं 'द ग्रेट वॉर फॉर न्यूझीलंड' (2016). जाडजूड आहे पण तुम्ही वायकाटोतच राहता म्हणजे हे वाचायलाच हवं. जुलै 1863 मध्ये ब्रिटिश फौज मांगाताफिरी ओढा ओलांडून आत घुसली, मग रांगिरिरीची लढाई, एप्रिल 1864 मध्ये ओराकाऊचं माओरी ठाणं पडलं, आणि त्यानंतर माओरींची सुमारे 12 लाख एकर जमीन जप्त झाली, तिला राउपातु म्हणतात. तुमच्या शहराचं मूळ नाव किरिकिरिरोआ, हॅमिल्टन हे गेट पा च्या लढाईत मेलेल्या नौदल कप्तानाचं नाव. सरकारनं वायकाटोच्या माओरींची माफी मागून 17 कोटी डॉलरचा समझोता केला तो थेट 1995 मध्ये, म्हणजे एवढी वर्षं लोक मागत राहिले.
आणि याचा तुमच्या विणकामाशी सरळ संबंध आहे बरं, हाराकेके दलदलीत माजतं आणि गोठ्यांसाठी, कुरणांसाठी त्या दलदली उपसून कोरड्या केल्या, मग पानं आणायची कुठून? म्हणून कुणी जपून ठेवलेल्या जाती एवढ्या मोलाच्या. गिझबोर्नच्या रेने ऑर्चिस्टन यांनी विणकर बायकांकडून अशा 50 च्या वर जाती जमवल्या, तो संग्रह 1987 मध्ये संशोधन संस्थेकडे दिला आणि लिंकन गावी तो लावून जपलाय.

पानगळ:
वरच्या दोघांना अनुमोदन. 'ते पापा' या न्यूझीलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयाचं 'फातू काकाहू' (2011) पण बघा, त्यात वस्त्रांचे इतक्या जवळून फोटो आहेत की एकेक पीळ मोजता येतो. मी ते रोज चार पानं असं महिनाभर वाचलं.

रानवारा:
किती छान सांगितलंत सगळ्यांनी, मनापासून आभार. लायब्ररीत डिगरेस यांचं पुस्तक आहे, रिझर्व्ह केलं. वहीत जवस खोडून हाराकेके लिहिलं, मुकाच्या पुढे वाख. रविवारी रांगिरिरीला जाऊन येतेय, तोवर ओमॅलींची त्या लढाईची पानं वाचून होतील.