डॉक्टर काय म्हणाले? मिरज-सांगलीच्या दवाखान्यांतले भाषेचे अनुभव

विल्यम वॉन्लेस यांनी १८९४ मध्ये मिरजेत रुग्णालय उघडलं. तेव्हापासून या गावात आजारपण दोन भाषांतून येतं. अथणी, रायबाग, चिकोडी, विजापूरकडची माणसं रेल्वेनं येतात, वडापनं येतात. आपल्याच जत तालुक्याच्या पूर्व भागात घरोघरी कानडी आहे. त्यात आता कुपवाड एमआयडीसीतले बिहार-ओडिशाचे कामगार आणि देशभरातून शिकायला आलेली डॉक्टर मुलं. इतकी वर्षं हे निभावतं कुणाच्या जिवावर? वॉर्डातले मामा, मावशी, शेजारच्या कॉटवरचा नातेवाईक. दुभाषा म्हणून पगारावर ठेवलेलं माणूस निदान माझ्या बघण्यात नाही.

म्हणून हा धागा. भाषा अडली तेव्हा काय झालं, मधे कोण उभं राहिलं, त्यानं काय गाळलं आणि पदरचं काय घातलं, ते लिहा. दवाखान्याचं, डॉक्टरांचं नाव नको. भांडणं काढायला बसलो तर जागा पुरणार नाही.

निवृत्त सिस्टर, मिरज

मी नोकरीला लागले तेव्हा वॉर्डात केरळच्या सिस्टर होत्या. त्या मराठी आणि कानडी दोन्ही बोलायच्या आणि मी इथली असून मला कानडीचं अक्षर येत नव्हतं. मग शिकले. उसिरु तगोरी, श्वास घ्या. बाय तगीरी, तोंड उघडा. मलगरी, आडवे व्हा. तपासणीपुरतं एवढं पुरतं. 'ऊट आतरी?' म्हणून जेवणाचं विचारलं तरी म्हातारी माणसं सैल होतात.

पण अर्धवट भाषा फसवते. आपण एक वाक्य कानडीत बोललो की पेशंटला वाटतं, बाईला सगळं कळतं. तो सुटतोच. घडाघडा सगळा इतिहास सांगतो आणि आपण मान डोलवत बसतो. मी डोलवायची नाही. सरळ हात वर करून थांबवायचे आणि स्वयंपाकघरातल्या मावशींना हाक मारायचे. त्या मूळच्या कागवाडच्या.

मावशींचं एक होतं. पेशंट बोलेल ते त्या जसंच्या तसं सांगायच्या. 'ती म्हणते, माझ्यावर कुणीतरी करणी केलीय', हेसुद्धा. शिकलेला भाचा मधे असला की तो हे गाळतो, त्याला डॉक्टरपुढं लाज वाटते. बाई रडत रडत कितीतरी वेळ बोलते आणि भाचा म्हणतो, 'काही नाही, पोट दुखतंय.' मग तपासणी पोटाचीच होते. नवीन मुलींना मी दोनच गोष्टी शिकवल्या. बोलताना बघायचं पेशंटकडं, मधल्या माणसाकडं नाही. आणि मधल्या माणसाला आधीच बजावायचं की बाबा, तुझं मत नको, तिचं बोलणं सगळं हवं.

शिक्षक, जत तालुका

आमच्या घरात कानडी, शाळेत मराठी. वडिलांना बीपी निघालं तेव्हा मी गावात नव्हतो, चुलतभाऊ त्यांना घेऊन गेला. महिन्याच्या गोळ्या मिळाल्या. 'रोज एक, संपल्या की या.' दादांनी इमानदारीनं रोज एक घेतली, संपल्या, आणि थांबले. तापाच्या गोळ्या संपतात तशा ह्या संपल्या, त्रास झाला तर जायचं, असा त्यांचा हिशेब. एक दिवस रानात गरगरून पडले तेव्हा उलगडा झाला. कुणी वाईट वागलं असं नाही. पण 'बरं वाटलं तरी ही गोळी बंद करायची नाही' हे त्यांना त्यांच्या भाषेत कुणी बोललंच नव्हतं.

आता आमच्या मेडिकलवाल्यानं एक पद्धत धरलीय. सकाळच्या पाकिटावर पेनानं सूर्य काढतो, रात्रीच्यावर चंद्र. जेवणाआधीच्या गोळीला रिकामं ताट, नंतरच्या गोळीला भरलेलं. आणि कायमच्या गोळीवर एक लांबलचक बाण, पाकिटाच्या कडेबाहेर जाणारा. दादा त्या गोळीला 'रेल्वे' म्हणतात. चुकवत नाहीत.

भूलतज्ज्ञ, सांगली

भूल देताना पोट रिकामं लागतं, कारण भुलीत उलटी होऊन फुप्फुसात गेली तर जिवावर बेततं. हलकं जेवण किंवा दूध ऑपरेशनच्या सहा तास आधी बंद, साधं पाणी दोन तास आधी बंद. एवढाच नियम. पण माझ्या यादीतली ऑपरेशनं वारंवार पुढं गेली आहेत ती चहापायी. 'काही खाऊ नका' असं सांगितलेलं असतं, आणि चहा कुणी खात नाही. आपला चहा म्हणजे दूधच की. मराठी पेशंटचं हे होतं, तर कानडी आणि हिंदीवाल्यांचं विचारायलाच नको.

हल्ली मी आदल्या संध्याकाळी काही सांगतच नाही, विचारते. 'उद्या उठल्यावर काय काय करणार?' तोंड धुणार, देवाला हात जोडणार, चहा घेणार... तिथं पकडते. दुभाषा असला तरी हे उत्तर पेशंटच्या तोंडून यायला हवं. 'समजलं का?' हा प्रश्न तर बंदच करून टाकावा. त्याला 'नाही' म्हणालेला पेशंट मला अजून भेटायचाय.

विट्याहून, वरच्या चहावर

आमच्या मामांनी बिस्किट चहात बुडवून खाल्लं होतं. 'दाताला लागलंच नाही, मग खाणं कसलं?' मामांना मराठीशिवाय दुसरी भाषा येत नाही.

गृहिणी, सांगली

माझं माहेर विजापूरकडचं. लग्न होऊन आले तेव्हा मराठी कळायची, बोलता यायची नाही. यजमान ट्रकवर, म्हणून दवाखान्यात बरोबर थोरला मुलगा असायचा. तेव्हा तो सातवीत. डॉक्टर त्याला विचारणार, तो मला. थकवा येतो का? हो. चक्कर? हो. पुढचा प्रश्न पाळीचा होता. पोरगा गप्प बसला, मग खाली बघून म्हणाला, 'अव्वा, काहीतरी विचारतायत.' मला तो प्रश्न मराठीतच कळला होता. पण पोराच्या तोंडून त्याचं उत्तर कशी पाठवू? सगळं ठीक आहे म्हणाले आणि रक्तवाढीच्या गोळ्या घेऊन घरी आले.

हिमोग्लोबिन काही वर येईना. रक्त जातंय कुठून ते कुणालाच माहीत नव्हतं, माझ्याशिवाय. शेवटी आमच्या भागातल्या आशाताई बरोबर आल्या. त्यांना कानडी येतं. त्यांनी आधी मुलाला बाहेर बाकावर बसवलं, मग मला बोलतं केलं. सोनोग्राफीत गर्भाशयात गाठी निघाल्या.

डॉक्टरांना वाटतं, घरचं माणूस बरोबर आहे म्हणजे बाई मोकळेपणानं सांगेल. अहो, काही गोष्टी परक्यापुढंच सांगता येतात.

क्षयरोग विभागातला कर्मचारी, कुपवाड

टीबीच्या औषधांतल्या रिफाम्पिसिननं लघवी तांबूस-नारिंगी होते. माहीत असेल तर त्यात काहीच नाही. माहीत नसेल तर माणूस हादरतो. ओडिशाचा एक कामगार उपचार सुरू झाल्यावर काही दिवसांतच यायचा बंद झाला. खोलीवर गेलो तर गोळ्या तशाच पडलेल्या. त्याच्या मते गोळ्यांनी त्याला रक्त पडत होतं. त्याला हिंदी येतं, पण ते यंत्रावर काम करण्यापुरतं. स्वतःच्या लघवीबद्दल बोलण्यापुरतं नाही.

खोलीतला दुसरा मुलगा त्याच्याशी ओडियात बोलला, तेव्हा त्यानं गोळ्या परत धरल्या. पण त्यापायी त्या मुलाला याचा टीबी कळला. विचारून केलं होतं, तरी मला ते खटकतं. खोलीत आठ-दहा जण झोपतात, बातमी किती वेळ राहणार? साधा टीबी बहुतेकदा सहा महिन्यांच्या औषधांनी बरा होतो. मधे सोडला तर औषधांना दाद न देणारा होऊ शकतो. म्हणून मी आता औषध देतानाच ऑरेंज सरबताची बाटली टेबलावर ठेवतो. असा रंग येणार, येऊ दे, गोळी थांबवायची नाही. ह्याला भाषा फारशी लागत नाही.

सर्जन, मिरज

सिस्टरांच्या लिहिण्यात भर घालतो. सगळ्यात अवघड जागा सहीची. सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्ये समीरा कोहली खटल्यात सांगितलं की, सज्ञान पेशंट शुद्धीवर आल्यावर स्वतः ठरवू शकत असताना, ती भुलीत आहे म्हणून तिच्या आईची संमती घेऊन गर्भाशय काढणं चालत नाही. म्हणजे संमती पेशंटची हवी, आणि काय होणार हे कळून दिलेली हवी. आता आमच्याकडचं चित्र बघा. फॉर्म मराठीत नाहीतर इंग्रजीत, पेशंट कानडी, समजावणार मुलगा.

एका काकांच्या आतड्यात कॅन्सर होता. मी मुलाला सगळं सविस्तर सांगितलं. आतड्याचा तुकडा जाईल, शौचासाठी पोटाला पिशवी लावावी लागेल, ती कदाचित कायमची असेल. मुलानं वडिलांकडं वळून जेमतेम तीन शब्द उच्चारले. माझं एवढं बोलणं तीन शब्दांत मावतं कसं? दुसऱ्या वॉर्डातल्या कानडी ज्युनिअरला बोलावलं. मुलानं फक्त 'गाठ आहे, काढतात' एवढंच सांगितलं होतं. वडील खचतील या भीतीनं. काकांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, पिशवी लावून भांगलणीला वाकता येईल का? हा प्रश्न मुलाच्याही डोक्यात आला नव्हता आणि खरं सांगायचं तर माझ्याही. त्यावर मग बराच वेळ बोललो. सही काकांनीच केली.

मोबाईलवरच्या भाषांतराबद्दल विचारतात. 'कुठं दुखतंय, कधीपासून' इथपर्यंत वापरा. ऑपरेशनचे धोके त्यावर सोपवू नका. भरवसा वाटत असेल तर आलेलं भाषांतर उलटं मराठीत फिरवून एकदा वाचा.

गलाईवाल्यांच्या घरातली, आटपाडी

आमच्या खानापूर-आटपाडीकडची माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यापायी देशभर गेल्यात. मी लग्न करून तमिळनाडूत गेले. मिरजेत कानडी माणसाचं जे हुतं ते तिथं आमचं हुतं. पहिल्या बाळंतपणात सिस्टर वरडत हुती आणि मला कळंना, जोर लाव म्हणती का थांब म्हणती. घरमालकीण बाहेर उभी, तिला आत सोडंनात. मार खाल्ल्यासारखं तोंड करून पडले हुते नुसती.

दुसऱ्या खेपेला मालकिणीकडनं आधीच सगळं शिकून घेतलं. जोर लाव, थांब, श्वास सोड, कुशीवर वळ, पाणी, लई दुखतंय. वहीत मराठीत लिहून पाठ केलं. आता गावाकडची नवीन सून आली की तिला पोळपाट-लाटण्याच्या आधी ती वही जाती.

नात, सांगली

आजी जमखंडीची, पण उभा जन्म सांगलीत मराठीत काढला. स्मृतिभ्रंश झाला आणि मराठी हळूहळू गेली. आम्हा नातवंडांना कानडी येत नाही. स्मरणशक्तीची चाचणी मराठीत झाली, तिनं एकाही प्रश्नाला उत्तर दिलं नाही. कागदावर फार वाईट शेरा आला. पुढं कानडी जाणणाऱ्या फिजिओथेरपिस्टनं सहज वार विचारला तर तो बरोबर सांगितला, वर माहेरच्या विहिरीचं वर्णन केलं. नंतर शिकलेली भाषा आधी जाते असं बऱ्याच पेशंटमध्ये दिसतं, हे डॉक्टरांनी मग सांगितलं. चाचणी परत कानडीत घेतली. आजार होताच, पण कागदावर होता तेवढा नव्हता.

कर्णबधिर, तासगाव

मी ओठ वाचतो. कोविडात मास्क आले आणि माझे कान दुसऱ्यांदा गेले. नंबर ओरडून पुकारतात, त्यामुळे मी दारासमोरून हलत नाही. भाऊ बरोबर असला की डॉक्टर त्याला म्हणतात, 'याला सांगा.' मी समोरच बसलेला असतो.

लिहून द्या म्हणावं तर डॉक्टरांचं अक्षर. एक डॉक्टर मोबाईलवर टाइप करून दाखवतात, त्यांनाच धरून आहे. पण माझ्या पत्नीला तेही पुरत नाही. ती जन्मापासून कर्णबधिर आहे, तिची भाषा खुणांची. तिचं व्याकरणच वेगळं. लांब मराठी वाक्यं तिला परकी पडतात. खुणा येणारं माणूस आजवर एकाही ओपीडीत भेटलं नाही.

इंटर्न, मूळचा राजस्थानचा

सरकारी कॉलेजांत एमबीबीएसच्या १५ टक्के जागा देशभरातून भरतात, मी त्यातला. २०१९ च्या नव्या अभ्यासक्रमापासून सुरुवातीच्या फाउंडेशन कोर्समध्ये स्थानिक भाषा शिकवतात. तिथं 'तुमचे नाव काय' शिकलो. ओपीडीत पहिली आजी म्हणाली, कणकण आहे, पोटात कालवतंय, जीव घाबरा होतोय. आता मीही तसंच विचारतो. 'ॲलर्जी आहे का?' याला सगळे नाही म्हणतात. 'कुठल्या गोळीनं अंगावर पित्त उठलं होतं का?' म्हटलं की निघतं.

अथणीहून विचारणा

मावशीला पुढच्या आठवड्यात मिरजेला आणतोय. कानडीशिवाय काही येत नाही. बरोबर कुणाला आणावं? माझं मराठी चांगलं आहे, पण मी कामाला बेळगावात असतो.

निवृत्त सिस्टर, मिरज

तुम्ही या, पण मावशी जिच्याजवळ राहतात तिलाही आणा. रात्री किती वेळा उठतात, जेवण कधीपासून कमी झालं, हे तिलाच माहीत. तिला मराठी येत नसलं तरी चालेल, तुम्ही आहात. आत गेल्यावर पहिल्यांदा मावशींना बोलू द्या, मग तुम्ही. त्यांना एकटीनं काही सांगायचं असेल तर वॉर्डात कानडी येणारी बाई कोण, ते आधीच विचारून ठेवा, असतेच कुणीतरी. आणि घरात चालू असलेलं सगळं औषध पिशवीत घालून आणा. नावं लिहिलेली चिठ्ठी नको, पाकिटं हवीत. झाडपाल्याच्या पुड्यासुद्धा.