मदत हवी आहे: बॉम्बे जिमखाना, डिसेंबर 1933 चा नकाशा

भारतातली पहिली कसोटी (15 ते 18 डिसेंबर 1933) ज्या मैदानावर झाली, त्याचा त्या चार दिवसांचा आराखडा काढायचं काम चालू आहे. लाला अमरनाथांच्या 118 धावा आणि सी. के. नायडूंबरोबरची 186 ची भागी इथलीच. पुन्हा कसोटी इथे झाली नाही, म्हणून ही नोंद नीट राहायला हवी.

अडलंय ते तात्पुरत्या स्टँड आणि मंडपांपाशी. सामना संपल्यावर ते उतरवले गेले, त्यामुळे आजच्या उपग्रह चित्रावरून काही हाती लागत नाही. एस्प्लनेड रोडच्या (आताचा महात्मा गांधी रोड) बाजूला किती ओळी होत्या? साइटस्क्रीन (फलंदाजाला चेंडू नीट दिसावा म्हणून सीमारेषेबाहेर लावलेले पांढरे पडदे) कुठे होते?

फोटो असतील तर पाठवण्याआधी दोन गोष्टी बघा. मागे काँक्रीटचे पक्के स्टँड दिसले तर ते बहुधा मुंबईचंच ब्रेबॉर्न स्टेडियम, म्हणजे 1937 नंतरचं. दुसरं, डिसेंबरात भर दुपारी सावली उत्तरेकडे पडते. यष्टींच्या सावलीवरून दिशा ठरते. म्हणून कडा कापू नका, मागचा शिक्काही स्कॅन करा, 600 डीपीआयला. चौरंगी सामन्यांचे (हिंदू, मुस्लिम, पारशी आणि युरोपियन संघांच्या तेव्हाच्या स्पर्धेचे) फोटोही चालतील, फक्त साल लिहा.