अनुभव धागा : स्टीलर्सची मॅच रेडिओवर कुठे आणि कशी ऐकता?

मोसम सुरू झाला की आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या व्हॉट्सॲप गटावर दर रविवारी एक प्रश्न हमखास येतो : "मॅच रेडिओवर कुठे लागते? ॲपवर तर गाणी चालू आहेत." सांगणारे बरेच, आणि प्रत्येकाची वाट वेगळी. म्हणून हा धागा. अमेरिकन फुटबॉलमधल्या पिट्सबर्ग स्टीलर्स या संघाची मॅच तुम्ही रेडिओवर कशी शोधलीत, कुठे ऐकता, कुठे अडलं, काय जमलं, ते लिहा. जुन्या आठवणी तर हव्याच. संघ दुसरा असला तरी हरकत नाही.

आधी माझं सांगते. टीव्हीवरचे समालोचक देशभरासाठी बोलतात. पुढच्या रविवारी ते दुसऱ्याच गावात, दुसऱ्याच संघांबद्दल बोलत असतात. रेडिओवरची माणसं वर्षभर याच संघाबरोबर असतात. कुणाचा घोटा कधी दुखावला, कुठल्या राखीव खेळाडूने सरावात घाम गाळला, हे त्यांना पाठ असतं, आणि आपण हरायला लागलो की ते त्यांच्या आवाजात लगेच कळतं. बिल हिलग्रोव्ह यांनी १९९४ पासून २०२३च्या मोसमापर्यंत, तब्बल तीस मोसम हे काम केलं. २०२४ पासून रॉब किंग करतात. मुख्य स्टेशन १०२.५ एफएम, डब्ल्यूडीव्हीई. एरवी तिथे रॉक संगीत लागतं, त्यामुळे खेळांच्या स्टेशनांमध्ये शोधत बसणाऱ्या नव्या माणसाला ते सापडतच नाही.

माझा रेडिओ स्वयंपाकघरात, खिडकीशी. एकच्या मॅचला कुकरच्या शिट्ट्यांत ऐन थर्ड डाउनची (तिसऱ्या संधीची) कॉमेंट्री बुडायला नको, म्हणून आमच्याकडे रविवारी वरणभात बाराच्या आत झालेला असतो.

बीचव्ह्यूवाला

ॲपवर गाणी का लागतात ते सांगतो, या विषयात मी बरंच डोकं घातलंय. एनएफएलमध्ये (अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगमध्ये) मॅच हवेतून ऐकवायचे हक्क वेगळे आणि इंटरनेटवरून ऐकवायचे वेगळे. त्यामुळे मॅच सुरू झाली की एफएमवर कॉमेंट्री असते आणि त्याच स्टेशनच्या ऑनलाइन प्रक्षेपणावर बरेचदा दुसरंच काहीतरी. स्टेशन बंद पडलेलं नसतं, तुमचा फोनही बिघडलेला नसतो. संघाच्या स्वतःच्या ॲपवर मॅच ऐकू येते, पण तुम्ही संघाच्या हद्दीत, म्हणजे त्याच्या गावाच्या आसपास, असाल तरच. फोनचं लोकेशन चालू ठेवावं लागतं, आणि कंपनीचं व्हीपीएन (फोन दुसऱ्याच ठिकाणी असल्याचं भासवणारी जोडणी) सुरू असेल तर ते आधी बंद करा.

हद्दीबाहेर असाल तर पैसे मोजावे लागतात. जुलै २०२२ मध्ये सुरू झालेल्या एनएफएल प्लस या लीगच्याच सेवेवर प्रत्येक मॅचची कॉमेंट्री मिळते. सिरियस एक्सएम या उपग्रह रेडिओवर दोन्ही संघांचे आवाज असतात, फक्त चॅनल निवडताना आपल्या संघाचा आहे ना ते बघा. गावातच राहत असाल तर मात्र यातलं काहीही घेऊ नका. साधा एफएम रेडिओ घ्या.

पिट्सबर्गात खरी अडचण डोंगरांची. आमचं घर उताराच्या पोटात, तळमजल्यावर नुसती खरखर. रेडिओच्या मागे अँटेनाचे दोन स्क्रू असतील तर टी आकाराची साधी वायर मिळते, ती जोडा आणि तिचे दोन्ही हात वरच्या मजल्याच्या खिडकीच्या चौकटीवर आडवे ताणून चिकटवा. खिडकी बदलून बघा. आमच्याकडे पूर्वेच्या खिडकीत काही नाही आणि उत्तरेच्या खिडकीत आवाज स्वच्छ.

साउथ_हिल्स

हे माझे नाही, बाबांचे अनुभव. ते १९७१ मध्ये इथे शिकायला आले. तेव्हा घरच्या मैदानावरची मॅच त्या गावात टीव्हीवर दाखवतच नसत, सगळी तिकिटं खपली तरीही. ७५ मैलांच्या आत पडदा कोरा. लोक गाड्या काढून त्या वर्तुळाबाहेरच्या मोटेलांमध्ये खोल्या घेत, निव्वळ मॅच बघायला. बाबांकडे गाडी नव्हती. त्यामुळे २३ डिसेंबर १९७२ला ओकलंड रेडर्सविरुद्धची प्लेऑफची (मोसमानंतरच्या बाद फेरीची) मॅच त्यांनी घरमालकांच्या स्वयंपाकघरात रेडिओवर ऐकली.

शेवटची २२ सेकंदं. स्टीलर्स ६, रेडर्स ७. चौथं डाउन, म्हणजे शेवटची संधी, आणि अजून दहा यार्ड जायचे बाकी. टेरी ब्रॅडशॉने चेंडू फेकला, दोन खेळाडूंची टक्कर झाली, चेंडू उलटा उडाला आणि जमिनीला लागायच्या आत फ्रॅन्को हॅरिसने बुटांपाशी झेलून तो थेट मैदानाच्या टोकाच्या रेषेपलीकडे नेला. कॉमेंट्रीला जॅक फ्लेमिंग होते. मैदानावरच्या पंचांनाही निर्णय द्यायला वेळ लागला. बाबा सांगतात, रेडिओतून फक्त गर्दीचा कल्लोळ येत होता, घरमालक टेबलाची कड घट्ट धरून उभे होते, आणि टचडाउन (रेषेपलीकडे चेंडू नेल्याचे गुण) झालं की नाही हे कुणालाच कळेना. मग निकाल आला. १३-७. ज्यांच्याशी तोवर भाड्याखेरीज बोलणं झालं नव्हतं, त्या माणसाने बाबांना उचलून मिठी मारली.

पुढच्याच वर्षी, १९७३ मध्ये, कायदा बदलला आणि ७२ तास आधी तिकिटं संपली तर मॅच गावातही दाखवायला सुरुवात झाली. पुढे बाबांनी टीव्ही घेतला, गाडी घेतली, पण मॅचला आवाज मात्र रेडिओचाच. डिसेंबर २०२२ मध्ये त्या झेलाला पन्नास वर्षं व्हायला दोन-तीन दिवस उरले असताना फ्रॅन्को हॅरिस गेले. २४ तारखेला मैदानावर त्यांचा ३२ नंबर सन्मानाने कायमचा राखून ठेवला, समोर पुन्हा रेडर्सच होते. तो समारंभही बाबांनी रेडिओवरच ऐकला. टीव्ही लावू का विचारलं, तर नको म्हणाले.

रविवारची_ड्यूटी

मी नर्स आहे. रविवारच्या दुपारच्या पाळीत फोन हातात घेता येत नाही. एक वयस्कर पेशंट होते, कानात खिशातल्या रेडिओचा इअरफोन. मी दारातून जाताना ते न बोलता बोटांनी स्कोअर दाखवायचे, आधी आपला, मग त्यांचा. हळूहळू आमची अख्खी पाळी त्यांच्या दारावरून जायला लागली.

मृण्मयी_ओ

माझे सासरे साताऱ्याहून आमच्याकडे हिवाळाभर राहायला आले होते. नजर जवळजवळ गेलेली, टीव्हीचा त्यांना काहीच उपयोग नव्हता. पण ही बाळ ज. पंडितांच्या मराठी समालोचनावर क्रिकेट जगलेली पिढी. कान तयार. मी रविवारी रेडिओ लावला तर म्हणाले, "मला पण सांग, काय चाललंय."

एवढंच सांगितलं : मैदान शंभर यार्डांचं, दहा यार्ड पुढे जायला चार संधी, गेलात तर पुन्हा चार. पुढचं काम रेडिओने केलं. टीव्हीवाले चित्र आहे म्हणून अर्धं बोलतच नाहीत. रेडिओवाल्याला प्रत्येक खेळीआधी सगळं सांगावंच लागतं : कितवं डाउन, किती यार्ड हवेत, चेंडू कुठल्या रेषेवर, आपला संघ डावीकडून उजवीकडे चाललाय की उलटा, क्वार्टरबॅक (चेंडू फेकणारा) किती मागे उभा आहे, किती वेळ उरलाय. "सेकंड अँड सेव्हन" ऐकलं की मामंजींना कळायचं, पहिल्या खेळीत तीनच यार्ड मिळाले.

जेवणाच्या टेबलाची लांब बाजू हे त्यांचं मैदान. डाव्या हाताने कड चाचपत उजव्या हाताने देवघरातली काडेपेटी सरकवायचे. पाच यार्ड मिळाले की बोटभर पुढे, सॅक झाला (क्वार्टरबॅक चेंडूसकट मागेच पकडला गेला) की मागे. पेटीचा गुलाचा भाग ज्या दिशेला, तिकडे आक्रमण. चेंडू दुसऱ्या संघाकडे गेला की पेटी उलटी फिरवायची. थोड्याच रविवारांत ते माझ्या आधी सांगायला लागले, "फोर्थ अँड नाइन? मग आता पंट करणार बघ." पंट म्हणजे चेंडू लाथेने लांब मारून समोरच्याला देणं. आम्ही इतकी वर्षं टीव्हीवर बघून जे शिकलो नव्हतो ते त्यांना ऐकून आलं. फॉर्मेशन (खेळीआधीची खेळाडूंची मांडणी) म्हणजे काय हे नवऱ्याला त्यांनीच समजावलं.

नातेवाइकांपैकी कुणाची नजर अधू असेल तर आवर्जून करून बघा. इंग्रजीची भीती वाटत असेल तर सुरुवातीला शेजारी बसा. शब्द तेच तेच असतात, लवकर ओळखीचे होतात.

फिलीकर

मी फिलाडेल्फिया ईगल्सवाला, तरी लिहितो. आमच्याकडे मेरिल रीस १९७७ पासून बोलताहेत, जोडीला माइक क्विक, स्टेशन ९४.१ डब्ल्यूआयपी. कितीतरी घरांत टीव्हीचा आवाज बंद आणि मेरिलचा चालू. आमचंही घर त्यातलंच.

यात अडचण वेळेची. हवेतून येणारा एफएम टीव्हीच्या पुढे असतो. चेंडू अजून हातात दिसतोय तोवर रेडिओ टचडाउन ओरडून मोकळा होतो. ॲपवरचा आवाज उलट मागे असतो. मागे असेल तर सोपं : टीव्ही रेकॉर्डरवरून लावा, थोडा थांबवा आणि किकऑफच्या (मॅच सुरू करणाऱ्या लाथेच्या) आवाजाशी जुळवून सोडा. एफएम पुढे असेल तर आवाज अडवून ठेवणारं छोटं यंत्र किंवा ॲप लागतं. आणि टीव्ही केबलऐवजी छतावरच्या अँटेनावर घेतलात तर मुळात फरकच कमी होतो. जुळणी किकऑफलाच करा, मध्येच करायला गेलात की एखादी खेळी हुकते.

टर्नपाइकवरून

न्यू जर्सीहून पिट्सबर्गला गाडीने जाणाऱ्यांसाठी. एकच स्टेशन लावून बसू नका. स्टीलर्सची कॉमेंट्री पेनसिल्व्हेनिया, ओहायो, वेस्ट व्हर्जिनियातल्या अनेक छोट्या स्टेशनांवर लागते, यादी संघाच्या संकेतस्थळावर असते. निघण्याआधी वाटेतल्या गावांच्या क्रमाने कागदावर उतरवून घ्या, शेजारी बसलेल्याने एक विरलं की दुसरं लावायचं. सुरुवातीला मेरिल रीस ऐकत निघायचं, मग ईगल्स विरत जातात, मध्ये बराच वेळ प्रवचनं आणि कंट्री गाणी, आणि डोंगर लागले की कधीतरी रॉब किंग. तो आवाज लागला की गाडीत सगळे सरळ होऊन बसतात.

संध्याकाळच्या मॅचला एएमसुद्धा फिरवून बघा. सूर्य मावळला की मध्यम लहरी वातावरणाच्या वरच्या थरावरून परावर्तित होऊन शेकडो मैल जातात. पण बरीच छोटी स्टेशनं रात्री शक्ती कमी करतात, त्यामुळे दुपारी लागलेलं अंधारात नाहीसं होतं.

आणि नवी गाडी घेताना एएम आहे ना ते विचारा. इलेक्ट्रिक मोटारीचा एएमवर गुरगुराट येतो म्हणून काही कंपन्यांनी ते काढूनच टाकलंय. हे मला अजिबात पटत नाही. बर्फाच्या वादळात फोन जातो तेव्हा तेच उरतं.

तारा_बी

टंच इल्किनबद्दल कुणीच कसं लिहिलं नाही? इस्तंबूलमध्ये जन्मलेला हा माणूस एनएफएलमध्ये खेळलेला पहिला तुर्की खेळाडू. स्टीलर्सकडून खेळला आणि मग हिलग्रोव्हशेजारी बसून वर्षानुवर्षं गावाला फुटबॉल शिकवला. बाहेरून आलेलं नाव आणि तरीही पिट्सबर्गचा घरचा आवाज, याचं आम्हाला किती अप्रूप होतं ते शब्दांत सांगता येत नाही. २०२१च्या सप्टेंबरमध्ये एएलएस या मज्जासंस्थेच्या आजाराने गेले. त्यांचे जिवलग आणि माइकवरचे जोडीदार क्रेग वुल्फ्लीही मार्च २०२५ मध्ये गेले.

त्यांच्याही आधीचे मायरन कोप. १९७० पासून ३५ मोसम. घोगरा, चिरका आवाज, आनंद झाला की "योई!" स्टीलर्सचे चाहते मॅचला फिरवतात त्या पिवळ्या टॉवेलची कल्पना त्यांचीच, १९७५च्या प्लेऑफची. पुढे टॉवेलचे हक्क त्यांनी ॲलेघेनी व्हॅली स्कूलला देऊन टाकले, मतिमंद आणि अपंगांसाठी काम करणारी ही संस्था. कोप यांचा मुलगा तिथेच राहायचा. घरोघरच्या टॉवेलांचे पैसे आजही तिकडे जातात. रेडिओवरच्या माणसाने गावासाठी एवढं करून ठेवलंय.

परत_पुण्यात

आम्ही कायमचे परत आलो. एकची मॅच इथे रात्री साडेदहाला, नोव्हेंबरात तिकडची घड्याळं मागे गेली की साडेअकराला. रविवार रात्रीची मॅच सोमवारी पहाटे सहाच्या आसपास, ती मला सोयीची. मुलगी अजून तिकडेच आहे. शेवटचं क्वार्टर चुरशीचं असलं की ती फोन लावते आणि रेडिओशेजारी ठेवून देते. बोलत कुणीच नाही. मध्ये तिच्या घरची बेल वाजते, कुत्रा भुंकतो, आणि मागे कॉमेंट्री. मी कोथरूडच्या गॅलरीत चहा घेऊन बसतो.

ॲरिझोनातून

स्टीलर्सचाच एक किस्सा, पण इकडचा. १९९६चा सुपर बोल (एनएफएलची अंतिम लढत) इथे टेंपीला झाला, स्टीलर्स विरुद्ध काउबॉइज. विंडो रॉकच्या केटीएनएन या नवाहो आदिवासींच्या स्टेशनने त्याची कॉमेंट्री नवाहो भाषेत केली होती. ६६० एएम. माझ्या कामावरच्या एका नवाहो सहकाऱ्याने ती आजीबरोबर ऐकली होती. आजीला इंग्रजी येत नव्हतं, तिने आयुष्यात पहिल्यांदा अख्खी मॅच समजून ऐकली. हे ऐकल्यापासून माझ्या मनात आहे की आपल्या मंडळाने एखाद्या रविवारी हॉलमध्ये पडद्यावर मॅच लावून मराठीतून कॉमेंट्री करावी. इथे कुणी केलंय का? करायची तयारी असेल तर मी येईन, विमानाचं तिकीट माझं.

बीचव्ह्यूवाला

ॲरिझोना, मी तयार. डाउन, यार्ड, पंट तसंच ठेवू, बाकी सगळं मराठीत.

शिवाय एक राहिलं होतं. मैदानावर जाताना खिशातला छोटा रेडिओ न्या. फोनवरचं ॲप तिथे कामाचं नाही, ते फार मागे पडतं. एचडी रेडिओसाठी (एफएमच्या डिजिटल प्रक्षेपणासाठी) स्टेशनला साधा एफएमही काही सेकंद मागे ठेवावा लागतो, पण मॅचच्या वेळी काही स्टेशनं तो उशीर काढून टाकतात, खास स्टँडमधल्या लोकांसाठी. इअरफोन वायरचाच घ्या, ती वायरच अँटेना असते. आणि सेल नवे घाला, थंडीत जुने सेल टिकत नाहीत.