बाबांना घेऊन इंग्लंडला: ब्रिटिश आरमाराचा इतिहास बघायचा तर कुठे जावं?

गोदीकर

नमस्कार मंडळी. जूनमध्ये ताईकडे रेडिंगला तीन आठवडे जातोय, सोबत बाबा आहेत. वय ७४. मुंबईच्या नेव्हल डॉकयार्डात ३४ वर्षं फिटर होते, त्यातली बरीच वर्षं विराटच्या कामावर गेली. विराट म्हणजे आधीची ब्रिटिशांची हर्मिस, १९८२ च्या फॉकलंड युद्धात त्यांच्या ताफ्याची प्रमुख नौका. अलंगला तिची मोडतोड सुरू झाली तेव्हा बाबा दोन दिवस नीट जेवले नव्हते.

त्यांचा प्रश्न त्यांच्याच शब्दांत: "एवढ्याशा बेटानं हे जमवलं कसं, आणि मग ते गेलं कुठे?" याचं उत्तर मिळेल अशा जागा सुचवा. गुडघे दुखतात, त्यामुळे चढउतार कमी असेल तर बरं. सवड चार-पाच दिवसांची आहे.

समुद्रपक्षी

पोर्ट्समथ. दुसरा विचारच नको. स्टेशनातून बाहेर पडलात की समोर वॉरियर ही जुनी युद्धनौका उभी दिसते. १८६० साली पाण्यात उतरलेली, लोखंडी सांगाडा आणि वर चिलखत. आत ऐसपैस आहे, तिथे बाबांना जड जाणार नाही. व्हिक्टरी या लाकडी युद्धनौकेवर मात्र छत डोक्याला लागेल इतकं खाली आणि जिने उभे. शिवाय सध्या तिची मोठी दुरुस्ती चालू असल्याने डोलकाठ्या उतरवलेल्या आहेत. तरी चुकवू नका. १८०५ ला ट्रफाल्गरच्या लढाईत ब्रिटिशांचा नौसेनापती नेल्सन गोळी लागून पडला ती जागा तिच्यावरच आहे. मेरी रोझ ही त्याहूनही जुनी युद्धनौका १५४५ मध्ये बुडाली आणि १९८२ मध्ये वर काढली. तिचं संग्रहालय त्याच आवारात आहे. अख्खा दिवस ठेवा.

मिठागर

पोर्ट्समथला जाच, पण काकांचा प्रश्न "कसं जमवलं" हा आहे आणि त्याचं उत्तर नौकेपेक्षा गोदीत सापडतं. म्हणून माझं मत चॅटमला. लंडनच्या सेंट पँक्रसहून गाडीने पाऊण तासाच्या आत पोचता. व्हिक्टरी तिथेच बांधली गेली. गोदी १९८४ साली बंद झाली, आता ती बघायला खुली आहे. तिथली दोर वळायची इमारत साडेतीनशे मीटरच्या जवळपास लांब आहे, कारण दोर जेवढा लांब हवा तेवढी लांब जागा सलग लागते. आजही तिथे दोर वळतात. ज्या माणसाने आयुष्य गोदीत काढलं त्याला हे बघताना जे कळेल ते आपल्याला कळणार नाही.

माझ्या समजुतीप्रमाणे ब्रिटिशांची खरी ताकद पैसा आणि पुरवठा यांत होती. १६९० ला बीची हेडजवळ फ्रेंचांनी त्यांना हरवलं. तिजोरीत खडखडाट होता. चार वर्षांनी बँक ऑफ इंग्लंड निघाली आणि सरकारला तिने जे १२ लाख पौंड कर्जाऊ दिले त्यातला मोठा भाग आरमाराकडे गेला. पुढे शंभर वर्षं हेच चाललं: फ्रान्सपेक्षा स्वस्तात कर्ज काढायचं आणि जहाजं महिनोन् महिने समुद्रात ठेवायची. तेवढा काळ माणसं जगवायची तर स्कर्व्हीवर, म्हणजे ताजी फळं-भाज्या न मिळाल्याने होणाऱ्या आजारावर, उपाय हवा. आरमारातल्या जेम्स लिंड या डॉक्टरने १७४७ मध्ये आजारी खलाशांना वेगवेगळी औषधं देऊन पाहिलं आणि संत्री-लिंबूवाले बरे झाले. तरी आरमारात लिंबाचा रस सर्रास मिळायला १७९५ उजाडलं!

काका फिटर आहेत म्हणून एक खास जागा. शिडाच्या जहाजावर कप्प्या शेकड्यांनी लागतात, आरमाराला वर्षाला एक लाखाहून जास्त. पूर्वी त्या हाताने करत. १८०० नंतरच्या काही वर्षांत मार्क ब्रुनेल या इंजिनिअरने पोर्ट्समथला त्यासाठी यंत्रांची रांगच उभी केली, हेन्री मॉड्स्लेने ती बनवली, आणि ११० माणसांचं काम १० जण करू लागले. त्यातली काही यंत्रं लंडनच्या सायन्स म्युझियमने जपली आहेत.

सागवान

सगळ्यांनी दक्षिणच सांगितली. काका मुंबई गोदीतले, त्यांना हार्टलपूलला न्याच! किंग्ज क्रॉसहून तीन-सव्वातीन तास लागतात. तिथे ट्रिंकोमाली उभी आहे. आपल्या मुंबईत, जमशेटजी बमनजी वाडियांच्या हाताखाली मलबारच्या सागवानातून बांधलेली, १२ ऑक्टोबर १८१७ ला पाण्यात उतरलेली. ब्रिटनच्या अजून तरंगणाऱ्या युद्धनौकांत सगळ्यात जुनी हीच. निम्म्याहून जास्त लाकूड मूळचं आहे.

नेपोलियनशी लढताना इंग्लंडात ओकची टंचाई झाली. सागवान कुजत नाही, त्यातल्या तेलामुळे खिळे गंजत नाहीत, म्हणून ऑर्डरी मुंबईला येऊ लागल्या. हिचे नकाशे आधी जावा नावाच्या जहाजावरून पाठवले होते, ते जहाज १८१२ च्या डिसेंबरात अमेरिकनांनी ब्राझीलजवळ हरवून जाळलं. नकाशे पुन्हा काढून धाडावे लागले. मुंबईत लायन गेटच्या आत जी गोदी आहे, तिथलंच हे काम.

कोकणपट्टी

सागवान, छान लिहिलंत. पण त्याच गोदीची दुसरी बाजूही काकांना ठाऊक असू द्या. कॉर्नवॉलिस ही युद्धनौकाही मुंबईतच बांधलेली. १८४२ मध्ये अफूच्या युद्धानंतर हाँगकाँग तोडून देणाऱ्या नानकिंगच्या तहावर तिच्यावरच सह्या झाल्या. आमच्या विजयदुर्गावर फेब्रुवारी १७५६ मध्ये इंग्रज नौसेनापती वॉटसनच्या ताफ्याने तुळाजी आंग्र्यांचं आरमार जाळलं आणि नानासाहेब पेशवे त्या वेळी इंग्रजांच्या बाजूने होते. मला ते आजही बोचतं. समुद्रावरची आपली मोठी ताकद आपणच गमावली.

आणि हेही खरं की १८०८ पासून याच आरमाराच्या पश्चिम आफ्रिकेच्या ताफ्याने सुमारे १,६०० गुलामवाहू जहाजं पकडून दीड लाख माणसं सोडवली. ग्रिनिचच्या नॅशनल मेरिटाइम म्युझियममध्ये नेल्सनचा गोळीचं भोक असलेला कोट आहे. तो बघताना या दोन्ही गोष्टी डोक्यात असाव्यात.

मिठागर

"गेलं कुठे" राहिलंच. १८८९ चा नियम होता की आपल्यानंतरची दोन आरमारं एकत्र केली तरी त्यांच्याइतकं आपलं हवं. १९०६ ला ड्रेडनॉट ही फक्त मोठ्या तोफांवर भर देणारी वेगवान ब्रिटिश युद्धनौका आली आणि बाकी सगळ्या युद्धनौका एका दिवसात जुन्या झाल्या, त्यात ब्रिटनच्या स्वतःच्याही. मग आरमारांवर मर्यादा घालणाऱ्या १९२२ च्या वॉशिंग्टन करारात अमेरिकेची बरोबरी मान्य केली. १० डिसेंबर १९४१ ला मलायाच्या किनाऱ्याजवळ जपानी विमानांनी प्रिन्स ऑफ वेल्स आणि रिपल्स या मोठ्या ब्रिटिश युद्धनौका बुडवल्या, दोन महिन्यांत सिंगापूर पडलं. मला विचाराल तर जुना काळ तिथेच संपला. १९६८ ला सुएझ कालव्याच्या पूर्वेकडून सैन्य परत आणायचं जाहीर झालं तो नंतरचा कागद. पैसाच उरला नव्हता, ज्याच्यावर सगळं उभं होतं.

आज ६५,००० टनांच्या दोन विमानवाहू नौका आहेत आणि अण्वस्त्रं घेऊन फिरणाऱ्या चार पाणबुड्या, त्यातली एक तरी सतत पाण्याखाली असते. हे १९६९ पासून अखंड चालू आहे. विमानवाहू नौकांचं बंदर पोर्ट्समथच, नशिबात असेल तर बंदराच्या फेरीबोटीतून एखादी दिसेल. लंडनमधली बेलफास्ट ही युद्धनौका १९४४ ला नॉर्मंडीच्या लढाईत होती, पण शिड्या फार. काकांना काठावरूनच दाखवा.

गोदीकर

सगळ्यांचे मनापासून आभार. पोर्ट्समथ, चॅटम, सायन्स म्युझियम, आणि शेवटी हार्टलपूलला एक रात्र मुक्काम, असं ठरलं. बाबांना धागा वाचून दाखवला. विजयदुर्गापाशी गप्प बसले. ट्रिंकोमालीवर मात्र लगेच विचारलं, "तिच्या फळ्यांना हात लावू देतात का?"

सागवान

आतल्या मजल्यांवर उतरून सागवान जवळून बघता येतं, पण जिने सावकाश उतरा. आणि काका गोदीतले आहेत हे तिथल्या स्वयंसेवकांना आधीच सांगा.